मोगरा, पारिजातक आणि ऑलिव्ह: नातं ठरवायचं कशावरून?

ऑलिव्ह म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे पिझ्झ्यावरच्या काळ्या चकत्या येतात, नाहीतर महागड्या तेलाची बाटली. झाड भूमध्य समुद्राच्या काठचं, आपला त्याच्याशी काय संबंध, असंच वाटतं. पण दारातला मोगरा, कुंपणावरची जाई-जुई, अंगणातला पारिजातक ही सगळी मंडळी ऑलिव्हच्याच कुलातली आहेत. या कुलाचं नाव ओलिएसी, म्हणजे ऑलिव्हवरूनच पडलेलं.

आता दुसरी बाजू बघा. रुद्राक्षाच्या प्रजातीचं शास्त्रीय नाव आहे एलिओकार्पस. ग्रीकमध्ये त्याचा अर्थ होतो ऑलिव्हसारखं फळ असलेला. आपल्या सह्याद्रीतल्या आंबगुळाचा एक भाऊबंद बाजारात 'रशियन ऑलिव्ह' म्हणून ओळखला जातो. या दोघांचंही ऑलिव्हशी जवळचं नातं नाही. ज्यांच्या नावात ऑलिव्ह आहे ते परके, आणि ज्यांच्याकडे बघून ऑलिव्ह आठवतसुद्धा नाही ते घरचे!

'हे कुणी ठरवलं आणि कशावरून?' हा प्रश्न तुम्हाला पडला असेल तर चांगलंच आहे. संशोधनाची तयारी करताना हाच प्रश्न सगळ्यात जास्त उपयोगी पडतो. वर्गीकरण म्हणजे पाठ करायची यादी, असा समज आपण शाळेतून घेऊन येतो. प्रत्यक्षात कुठलंही वर्गीकरण हा एक दावा असतो. 'ही झाडं एकाच पूर्वजाची लेकरं आहेत' असा तो दावा. आणि दावा म्हटला की पुरावा आला, शंका आली, दुरुस्तीही आली. ऑलिव्हच्या कुलात हे सगळं घडलेलं आहे, म्हणून आज हेच उदाहरण घेऊ.

पुढे जाण्याआधी शब्द पक्के करून घ्या. मराठी वनस्पतिशास्त्रात जाती म्हणजे स्पीशीज, प्रजाती म्हणजे जीनस आणि कुल म्हणजे फॅमिली. वर्तमानपत्रांत बऱ्याचदा 'प्रजाती' हा शब्द स्पीशीजसाठी वापरतात. इथे तसं नाही.

पहिला पुरावा: दोन पुंकेसर

जाईचं एक फूल घ्या आणि नळी उभी चिरून बघा. आत पाकळ्यांच्या नळीला चिकटलेले दोन पुंकेसर दिसतील. पारिजातकातही दोनच. ऑलिव्हच्या बारीक पांढऱ्या फुलात चार पाकळ्या आणि दोन पुंकेसर. या कुलात मोजके अपवाद सोडले तर हा आकडा कायम राहतो. पानं बहुतेक समोरासमोर, अंडाशय वरच्या बाजूला आणि दोन कप्प्यांचं, हीसुद्धा कुलाची ओळख.

कार्ल लिनियसने 1753 मध्ये 'स्पीशीज प्लांटारम' प्रसिद्ध केलं तेव्हा फुलातल्या पुंकेसरांची संख्या हा त्याच्या मांडणीचा पाया होता. दोन पुंकेसरवाल्यांचा त्याने 'डायँड्रिया' नावाचा वर्ग केला. त्यात ऑलिव्ह, जाई, पारिजातक, लायलॅक ही मंडळी एकत्र आली. छान! पण त्याच वर्गात रोजमेरी आली, साल्विया आली आणि चक्क काळी मिरीही आली. मिरीचा आणि ऑलिव्हचा संबंध इतका दूरचा आहे की पुंकेसर सोडले तर सांगण्यासारखं फारसं काही उरत नाही.

उलटही घडलं. अ‍ॅश नावाचं एक उंच झाड आहे, प्रजाती फ्रॅक्सिनस. क्रिकेटचे स्टंप परंपरेने याच लाकडाचे करतात. त्यालाही पुंकेसर दोनच. पण त्याच्यात नर, मादी आणि द्विलिंगी फुलांची सरमिसळ असते, म्हणून लिनियसने ते उचलून वेगळ्याच वर्गात टाकलं. म्हणजे एकाच आकड्यावर भिस्त ठेवल्यामुळे परके आत आले आणि घरचा बाहेर गेला.

मोगऱ्याची गंमत तर अजून वेगळी. लिनियसने मोगऱ्याला पारिजातकाच्या प्रजातीत घालून निक्टँथस सॅम्बॅक असं नाव दिलं होतं. पुढे 1789 मध्ये विल्यम एटनने त्याला जाईच्या प्रजातीत नेलं आणि जॅस्मिनम सॅम्बॅक हे आजचं नाव रूढ झालं.

लिनियसला मात्र हसू नका. आपली पद्धत कृत्रिम आहे, अनोळखी झाड पटकन ओळखता यावं यासाठी आहे, हे त्याला स्वतःला माहीत होतं. इथून आपण एवढंच उचलायचं की ओळख पटवण्यासाठी सोयीचं असलेलं लक्षण नातं सांगेलच असं नाही.

दुसरा पुरावा: फळं, आणि त्यांची फसवणूक

मग पुंकेसर सोडून फळं बघू. इथे तर पूर्ण गोंधळ आहे. ऑलिव्हचं फळ आंब्यासारखं, म्हणजे बाहेर गर आणि आत कठीण कोय. रानात फुलणाऱ्या कुसराला काळी, रसाळ, बऱ्याचदा जोडीने येणारी फळं लागतात. पारिजातकाचं फळ चपटं, वाळकं, दोन बियांचं. आपल्या पानझडी जंगलातला मोखा याच कुलातला. त्याचं फळ लाकडासारखं टणक, पेरूच्या नाहीतर नासपतीच्या आकाराचं असतं आणि वाळलं की दोन भागांत उकलतं. अ‍ॅशचं फळ पंख असलेलं, वाऱ्यावर गिरक्या घेत खाली येणारं.

फळांवरून कुलं पाडायची म्हटली तर हे घर मोडलंच. शिवाय दुसरी अडचण अशी की जी फळं सारखी दिसतात तीसुद्धा फसवतात. फॉन्टनेसिया नावाची एक प्रजाती आहे, तिचंही फळ पंखवालं. त्यामुळे एकेकाळी तिला अ‍ॅशच्या शेजारी बसवत असत. आज आपल्याला माहीत आहे की या दोघींचे पंख वेगवेगळे उगम पावले. वाऱ्यावर बी पाठवायचं असेल तर पंख हा उपाय निसर्गात पुन्हापुन्हा सापडतो.

सारखेपणा दोन कारणांनी येतो हे इथे लक्षात ठेवा. एक, पूर्वज एकच म्हणून. दोन, गरज एकच म्हणून. नातं सांगतो तो पहिला, दुसरा नाही. आणि नुसतं बघून दोन्हींतला फरक कळेलच याची खात्री नसते. त्यासाठी दुसरा, स्वतंत्र पुरावा लागतो.

तिसरा पुरावा: गुणसूत्रांची मोजणी

तो स्वतंत्र पुरावा विसाव्या शतकाच्या मध्यात आला. 1945 मध्ये एच. टेलर यांनी या कुलातल्या गुणसूत्रांचा सविस्तर अभ्यास प्रसिद्ध केला. त्यातलं चित्र फार बोलकं आहे. जाईच्या अनेक जातींत गुणसूत्रं 26, फॉन्टनेसियात 26, फॉर्सिथियात 28. आणि ऑलिव्हमध्ये? 46. अ‍ॅशमध्ये 46. कुंपणाला लावतात त्या प्रिव्हेटमध्येही 46.

म्हणजे फळ कोयीचं असो, पंखाचं असो, आकडा तोच. याचा सरळ अर्थ असा निघतो की ऑलिव्ह, अ‍ॅश, प्रिव्हेट, लायलॅक यांच्या एका जुन्या पूर्वजात गुणसूत्रांचे संच एकत्र येऊन आकडा वाढला आणि तो वारसा सगळ्या वंशजांकडे आला. फॉन्टनेसिया मात्र 26 वर राहिली. पंखवालं फळ असूनही ती अ‍ॅशच्या गटातली नाही, ही शंका इथेच बळावली. 1957 मध्ये सिडनीच्या लॉरेन्स जॉन्सन यांनी संपूर्ण कुलाचा आढावा घेऊन जाईचा गट आणि ऑलिव्हचा गट असे दोन मोठे विभाग मांडले. ती मांडणी पुढे अनेक दशकं चालली.

चौथा पुरावा: डीएनए आणि पारिजातकाचं घर

पारिजातकाचं काय? हे झाड वर्गीकरण करणाऱ्यांना कायम छळत आलंय. चौकोनी फांद्या, खरखरीत पानं, चपटं फळ. काहींनी त्याला स्वतंत्र कुल दिलं, तर काहींनी निर्गुडी-साग ज्या कुलात तेव्हा होते त्या व्हर्बिनेसीमध्ये नेऊन बसवलं. तुम्ही जुने ग्रंथ चाळलेत तर पारिजातक वेगवेगळ्या ठिकाणी सापडेल. त्यामागचं कारण हे आहे.

2000 मध्ये एव्हा वॉलँडर आणि व्हिक्टर अल्बर्ट यांनी हरितलवकातल्या डीएनएचे दोन भाग वापरून या कुलाचा वंशवृक्ष तयार केला. त्यातून पाच गट पुढे आले. पारिजातक ओलिएसीतच आहे हे ठरलं, पण तो जाईच्या गटात नाही आणि ऑलिव्हच्याही नाही. त्याचा गट वेगळा. त्या गटात त्याच्यासोबत मिक्झोपायरम आहे. ही दक्षिणेकडच्या सह्याद्रीत मिळणारी वेल, आणि तिचंही खोड चौकोनी! फॉन्टनेसियाला तिचा स्वतंत्र गट मिळाला, म्हणजे गुणसूत्रांनी व्यक्त केलेली शंका खरी ठरली. ऑलिव्ह, अ‍ॅश, मोखा, प्रिव्हेट हे 46 वाले मात्र एकत्र राहिले.

जाईचा गट एकसंध टिकला, पण त्याच्या आत एक पेच निघाला. मेनोडोरा ही अमेरिका आणि आफ्रिकेत मिळणारी प्रजाती जाईच्या जातींच्या मधोमध जाऊन बसते. म्हणजे 'जॅस्मिनम' म्हणून आपण जो गट धरत होतो त्यातून एक लेकरू बाहेर ठेवलं गेलं होतं. अशा अर्धवट गटाला पॅराफायलेटिक म्हणतात. हा शब्द नेटसारख्या परीक्षांसाठी पाठ केला जातो, पण अर्थ सोपा आहे: कुटुंबाचा फोटो काढला आणि एका भावंडाला चौकटीबाहेर उभं केलं. हा पेच सोडवण्यासाठी काही पिवळ्या जाईंना क्रायसोजॅस्मिनम ही वेगळी प्रजाती देण्यात आली.

डीएनए आलं म्हणून वाद संपले असंही समजू नका. 2020 मध्ये ज्युलिया ड्युपिन आणि सहकाऱ्यांनी पेशीतल्या तीन ठिकाणच्या, म्हणजे हरितलवक, तंतुकणिका आणि केंद्रक यांच्या जनुकांची तुलना केली, तेव्हा काही ठिकाणी त्यांच्या वंशवृक्षांचं एकमेकांशी जुळत नव्हतं. असं कसं? हरितलवक बहुतेक वेळा फक्त आईकडून येतं, केंद्रक दोघांकडून. जुन्या काळी दोन वंशांचा संकर झाला असेल तर दोन ठिकाणचे डीएनए दोन वेगळ्या कहाण्या सांगणारच. म्हणून 'डीएनएने सिद्ध केलं' असं वाक्य कुठे वाचलंत तर लगेच विचारा, कुठल्या डीएनएने?

मग खुद्द ऑलिव्ह म्हणजे कोण?

ऑलिव्हचं शास्त्रीय नाव ओलिया युरोपिया. पण ही जातसुद्धा एकच एक वस्तू नाही. ग्रीन यांच्या 2002 च्या आढाव्यानंतर तिच्या सहा उपजाती धरल्या जातात. लागवडीतला भूमध्य ऑलिव्ह आणि त्याचा रानटी भाऊ ही एक. सहारातल्या डोंगरांवर तग धरून असलेली दुसरी. मोरोक्को, मदेरा बेट आणि कॅनरी बेटं इथे एकेक. आणि सहावी कस्पिडाटा, जी दक्षिण आफ्रिकेपासून अरबस्तानमार्गे थेट हिमालयापर्यंत आणि पुढे चीनपर्यंत पसरली आहे. आपल्याकडे जम्मू-काश्मीर, हिमाचलात ती 'कहू' म्हणून ओळखली जाते. फळ बारीक, गर नावापुरता. पानाची खालची बाजू लागवडीतल्या ऑलिव्हसारखी रुपेरी नसते, तर तपकिरीकडे झुकलेली असते.

सहाही उपजातींत गुणसूत्रांचे संच सारखे नाहीत. मदेराच्या उपजातीत चार संच आहेत, मोरोक्कोच्या उपजातीत सहा. त्यामुळे यांना उपजाती म्हणायचं की स्वतंत्र जाती, हा प्रश्न अजून उघडा आहे.

याचा तुमच्या कामाशी थेट संबंध आहे. कस्पिडाटा जुन्या साहित्यात ओलिया कस्पिडाटा, ओलिया फेरुजिनिया आणि ओलिया आफ्रिकाना अशा तीन नावांनी येते. कहूच्या पानांतल्या रसायनांवर काम करायचं ठरवलंत आणि एकाच नावाने शोध घेतलात, तर आफ्रिकेतलं बरंच काम तुमच्या नजरेतून निसटेल. मग आधीच झालेलं काम नवीन समजून करण्यात दोन वर्षं जातील.

सह्याद्रीतला ऑलिव्ह: पारजांबाचा प्रश्न

आता आपल्या घरी येऊ. महाबळेश्वर, माथेरानच्या सदाहरित जंगलात पारजांब नावाचं झाड भरपूर आहे. विल्यम रॉक्सबर्गने त्याला ओलिया डायोइका हे नाव दिलं. डायोइका म्हणजे नर आणि मादी झाडं वेगळी. जांभळट काळी छोटी फळं धरली की पक्ष्यांची चंगळ असते. प्रजातीचं नाव ओलिया, म्हणजे हा सह्याद्रीतला ऑलिव्हच की!

2009 मध्ये गियोम बेनार आणि सहकाऱ्यांनी ओलिया प्रजातीचा वंशवृक्ष प्रसिद्ध केला, आणि त्यात पारजांबाचा गट ऑलिव्हपासून वेगळा पडला. या गटाला टेट्रापायलस म्हणतात. ऑलिव्हला पारजांबापेक्षा जवळच्या अशा दुसऱ्या प्रजाती आहेत, असं त्या वंशवृक्षातून दिसलं. मग करायचं काय? मार्ग तीन आहेत.

एक, मधल्या सगळ्या प्रजाती ओलियात ओतायच्या. गट एकवंशीय होईल, पण इतका अवाढव्य की त्याला ओळखायचं कशावरून हेच कळेनासं होईल. दोन, पारजांबाच्या गटाला टेट्रापायलस ही स्वतंत्र प्रजाती मानायची. तीन, काहीच करायचं नाही आणि चुकीचा गट तसाच चालू ठेवायचा. 'ओलिया' हे नाव ओलिया युरोपियाला बांधलेलं आहे, त्यामुळे वेगळं व्हायची वेळ आली तर नाव ऑलिव्हकडे राहतं आणि पारजांबाला नवं घर शोधावं लागतं. हा नामकरणाचा नियम आहे, त्यात पक्षपात नाही. म्हणून आज काही ठिकाणी तुम्हाला टेट्रापायलस डायोइकस वाचायला मिळेल, तर आपल्याकडच्या बहुतेक पुस्तकांत, यादींत आणि हर्बेरियममधल्या जुन्या चिठ्ठ्यांवर ओलिया डायोइका.

दोन्हींतलं कुठलं वापरायचं? माझं मत असं: एक निवडा, का निवडलं ते एका वाक्यात लिहा आणि दुसरं नाव समानार्थी म्हणून नोंदवा. जंगलातलं झाड तेच आहे. आपला त्याच्या नात्याबद्दलचा अंदाज तेवढा बदललाय.

नातं बरोबर आहे हे कळणार कसं?

इथे कुणी म्हणेल, चार तज्ज्ञ नावांवरून भांडतात, बाकीच्या जगाला काय फरक पडतो? पडतो. आणि तो एका किड्याने दाखवून दिलाय.

एमराल्ड अ‍ॅश बोरर हा ईशान्य आशियातला हिरवा चकचकीत भुंगेरा. 2002 मध्ये तो अमेरिकेत मिशिगन राज्यात सापडला. त्याची अळी अ‍ॅशच्या सालीखाली बोगदे पाडते, अन्नरस वाहणं थांबतं आणि झाड मरतं. तिकडे कोट्यवधी अ‍ॅश झाडं यात गेली. सुरुवातीला समज असा होता की अमेरिकेत हा किडा फक्त अ‍ॅशवरच जगतो.

2014 मध्ये ओहायोत डॉन सिपोलिनी यांना त्याची लागण एका वेगळ्याच झाडावर दिसली. ते झाड होतं किओनँथस, पांढऱ्या झुपकेदार फुलांचं. दिसायला अ‍ॅशशी काहीच साम्य नाही, पण वंशवृक्षात त्याच 46 वाल्या घराण्यातलं आणि ऑलिव्हच्या उपगटातलं. मग पुढचा प्रश्न आपोआप आला: ऑलिव्हचं काय? 2017 मध्ये प्रसिद्ध झालेल्या प्रयोगात ऑलिव्हच्या तोडलेल्या फांद्यांमध्ये या किड्याच्या अळ्या वाढल्या आणि त्यांचे भुंगेरेही बाहेर पडले.

प्रयोगशाळेतल्या फांदीवर किडा वाढला म्हणजे उद्या भूमध्य समुद्राकाठच्या बागा संपतील, असा याचा अर्थ नाही. जिवंत झाड स्वतःचा बचाव करतं. पण कुठल्या झाडांवर आधी नजर ठेवायची, हे वंशवृक्षाने सांगितलं. फळांवरून गट पाडले असते तर ऑलिव्हचा प्रश्न कुणाच्या मनातही आला नसता. चांगल्या वर्गीकरणाची कसोटी हीच. ज्या गोष्टी बघून ते केलेलं नाही, अशा गोष्टींचाही अंदाज त्यातून बांधता यायला हवा.

तुमच्या कामासाठी चार गोष्टी

संशोधनाचा विषय वनस्पतिशास्त्र असो वा नसो, या कुलाच्या गोष्टीतून एवढं बरोबर घेऊन जा.

पहिली, कुठलाही गट समोर आला की विचारा, तो कुठल्या लक्षणावर उभा आहे? लक्षण बदललं तर तो टिकतो का?

दुसरी, एकमेकांवर अवलंबून नसलेले पुरावे शोधा. गुणसूत्रं आणि डीएनए यांनी फॉन्टनेसियाबद्दल एकच गोष्ट सांगितली, म्हणून त्या निष्कर्षाला वजन आलं.

तिसरी, साहित्याचा शोध घेण्याआधी जुन्या-नव्या सगळ्या नावांची यादी करा. जेनबँक असो, हर्बेरियम असो की जुने ग्रंथ, प्रत्येकाचं नाव वेगळ्या काळात अडकलेलं असतं. आणि झाडाचा नमुना हर्बेरियममध्ये जमा करून त्याचा क्रमांक प्रबंधात द्या. नाव उद्या बदललं तरी तुम्ही नेमकं कुठलं झाड तपासलं हे त्या नमुन्यावरून कुणालाही पडताळता येईल.

चौथी, पुरावे जुळत नसतील तर घाबरून एक लपवू नका. ते का जुळत नाहीत, हाच बऱ्याचदा खरा संशोधनाचा प्रश्न असतो.

या कुलात आज सुमारे 700 जाती धरतात आणि त्यातल्या बऱ्याच आपल्याकडे आहेत. पुढच्या वेळी जंगलात गेलात आणि कुसर फुललेला दिसला, तर एक फूल चिरून पुंकेसर मोजा. दोन निघतील. मग स्वतःलाच विचारा, एवढ्यावरून मी याला ऑलिव्हचा नातेवाईक म्हणू शकतो का? उत्तर 'नाही, अजून पुरावा लागेल' असं आलं, तर तुमची तयारी योग्य दिशेने चालली आहे.